शॉर्टफिल्ममधून तत्त्वचिंतन : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

शॉर्टफिल्म करणारी मुलंमुली आणि तत्त्वज्ञान वाचणारी मित्रमंडळी या दोन्हींकडून पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. उत्तरांमध्ये माहिती आहे, तशीच माझी मतंही आहेत. मतं कुठली ते वाचताना सहज कळेल.

तत्त्वज्ञान पुस्तकात वाचता येतं. त्यासाठी फिल्म कशाला?

सगळं तत्त्वज्ञान फिल्ममध्ये जाणार नाही आणि जाऊही नये. कांटचं एखादं प्रकरण पंधरा मिनिटांत दाखवायला गेलात तर हाती फार तर सारांश लागेल, आणि सारांशासाठी पुस्तकच बरं. पण काळ म्हणजे काय, आठवण किती खरी, आपण पाहतो म्हणजे नेमकं काय करतो, हे प्रश्न वेगळे आहेत. फिल्म याच गोष्टींची बनलेली असते. तिच्यात काळ सरतो, आधीचं दृश्य आठवणीत ठेवावं लागतं आणि प्रेक्षक सतत पाहत असतो. त्यामुळे या प्रश्नांबद्दल बोलण्याऐवजी ते प्रश्न प्रेक्षकाच्या बाबतीत घडवून आणता येतात.

मला सर्वांत जवळचं वाटणारं उदाहरण हॉलिस फ्रॅम्प्टन या अमेरिकन दिग्दर्शकाच्या '(नॉस्टॅल्जिया)' या १९७१ सालच्या फिल्मचं आहे. लांबी ३६ मिनिटं. विजेच्या शेगडीवर एक फोटो ठेवलेला आहे. कॅमेरा वरून, स्थिर. थोड्या वेळाने फोटोवर शेगडीच्या तारेची वेटोळी उमटतात, मग तो काळा पडतो, आक्रसतो, राख होतो. मग पुढचा फोटो. दरम्यान एक आवाज फोटोंची वर्णनं करतो आहे: हा केव्हा काढला, त्यात कोण आहे, त्या वेळी मनात काय होतं. बोलणारा 'मी' फ्रॅम्प्टन, पण आवाज त्याच्या मित्राचा, मायकेल स्नोचा.

पाहताना थोड्या वेळाने लक्षात येतं की वर्णन आणि फोटो जुळत नाहीत. आपण ऐकतो ते वर्णन पुढच्या फोटोचं असतं. मग काय होतं पाहा. समोर फोटो जळतो आहे, तो नीट पाहायचा तर त्याचं वर्णन आठवायला हवं, कारण ते मघाशीच होऊन गेलं. त्याच वेळी कानावर पडणारं नवं वर्णन लक्षात ठेवायला हवं, कारण त्याचा फोटो यायचा आहे. एक आठवावं तर दुसरं निसटतं. डोळा वर्तमानात, कान भविष्यात आणि मन भूतकाळात अशी आपली ओढाताण छत्तीस मिनिटं चालते. शेवटी एका फोटोचं वर्णन ऐकू येतं आणि तो फोटो येतच नाही.

सेंट ऑगस्टीनने 'कन्फेशन्स'च्या अकराव्या भागात काळाबद्दल हेच मांडलं होतं. भूतकाळाचं वर्तमान म्हणजे स्मृती, भविष्याचं वर्तमान म्हणजे अपेक्षा, आणि मन या दोन्हींकडे ताणलेलं. ते वाचल्यावर पटतं. फ्रॅम्प्टनची फिल्म पाहताना तो ताण स्वतःला सोसावा लागतो. फिल्म कशाला, याचं माझ्याकडे हेच उत्तर आहे.

प्रायोगिक फिल्म म्हणजे जिच्यात गोष्ट नसते ती, असं समजायचं का?

नाही. माया डेरेन आणि अलेक्झांडर हामिद यांची 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' (१९४३, १४ मिनिटं) लॉस एंजेलिसमधल्या त्यांच्या घरातच केलेली आहे. तिच्यात एक बाई आहे, घर आहे, किल्ली आहे, सुरी आहे, घटना आहेत. फक्त त्या एकापुढे एक जात नाहीत. बाई दुपारी खुर्चीत झोपते आणि मग खिडकीतून तिला तीच पुन्हा घराकडे येताना दिसते. पुन्हा किल्ली, पुन्हा जिना, पण प्रत्येक वेळी काहीतरी सरकलेलं.

१९५३ साली न्यूयॉर्कमध्ये कविता आणि सिनेमा यांवर एक परिसंवाद झाला, तिथे डेरेनने एक भेद मांडला होता. आडवी रचना म्हणजे पुढे काय झालं, त्यानंतर काय झालं. उभी रचना म्हणजे एकाच क्षणात खाली खाली उतरत जाणं. तत्त्वचिंतनाच्या फिल्मला हा भेद फार उपयोगी पडतो. तुमच्या कल्पनेत 'मग पुढे?' हा प्रश्न जोरकस असेल तर गोष्टीची फिल्म करा, त्यात कमीपणा काही नाही. 'म्हणजे काय?' हा प्रश्न जोरकस असेल तर उभ्या रचनेचा विचार करा.

फिल्म खरोखर युक्तिवाद करू शकते, की ती आधीच माहीत असलेल्या विचाराला चित्र जोडते?

यावर तत्त्वज्ञांमध्येच मोठा वाद झालेला आहे आणि तो समजून घेण्यासारखा आहे.

पेस्ली लिव्हिंग्स्टन यांनी २००६ साली एक पेच मांडला. फिल्मने दिलेला विचार शब्दांत सांगता येत असेल, तर फिल्मची गरजच काय राहिली? आणि शब्दांत सांगताच येत नसेल, तर असा काही विचार तिथे आहे हे कशावरून मानायचं? पेच पक्का आहे. 'माझी फिल्म शब्दांच्या पलीकडची आहे' असं म्हणून त्यातून सुटता येत नाही.

त्याच वर्षी नोएल कॅरल यांनी एका फिल्मचा आधार घेऊन दुसरी बाजू मांडली. ती फिल्म म्हणजे अर्नी गेर यांची 'सिरीन व्हेलॉसिटी' (१९७०, २३ मिनिटं, मूक). न्यूयॉर्क राज्यातल्या बिंगहॅम्टनच्या विद्यापीठातला एक रिकामा कॉरिडॉर. कॅमेरा ट्रायपॉडवर घट्ट. कॉरिडॉरमध्ये कोणीही येत-जात नाही. गेर यांनी रात्रभर बसून एवढंच केलं, की दर चार फ्रेमनंतर झूम लेन्सची फोकल लेंग्थ बदलली. एकदा थोडं जवळचं, एकदा थोडं लांबचं. सुरुवातीला फरक किंचित असतो, मग वाढत जातो आणि शेवटाकडे तो निर्जीव कॉरिडॉर पुढे-मागे आदळू लागतो. टोकाच्या दारांतून पहाटेचा उजेड आत येतो.

कॅमेरा हलला नाही, कॉरिडॉर हलला नाही, तरीही आपल्याला गती दिसली. मग सिनेमातली गती कुठे असते? हा प्रश्न फिल्म विचारते आणि स्वतःच त्याचा पुरावाही होते. कॅरल यांचं म्हणणं असं की, गती हे सिनेमाचं मूलभूत लक्षण आहे हा विचार फिल्मने इथे स्वतःच्या साधनांनी पुढे नेला आहे. विधान शब्दांत सांगता येतं, पण ते सिद्ध होतं पडद्यावर आणि पाहणाऱ्याच्या डोळ्यांत.

मला कॅरल यांची बाजू पटते, पण एका अटीवर. असा पुरावा देता येणारे प्रश्न मोजकेच आहेत: पाहणं, ऐकणं, काळ, ओळख, लक्ष, आठवण. न्याय म्हणजे काय, किंवा ईश्वर आहे का, यांचा पुरावा फिल्म देऊ शकत नाही. तिथे ती फार तर प्रश्नाची धार वाढवू शकते. हे मान्य केलं की काम बरंच सोपं होतं.

झेनोचा बाण आणि सिनेमा यांचा संबंध नेहमी सांगतात. तो नेमका काय?

झेनो या प्राचीन ग्रीक तत्त्वज्ञाचा पेच असा: उडणारा बाण कोणत्याही एका क्षणी पाहिला तर तो एका जागी स्थिर असतो. सगळे क्षण असेच. मग तो उडतो केव्हा? फिल्मची पट्टी उलगडून पाहिली तर हेच दिसतं. सेकंदाला २४ स्थिर चित्रं, आणि गती त्यांपैकी एकातही नाही. फ्रेंच तत्त्वज्ञ आंरी बर्गसाँ यांनी १९०७ सालच्या 'क्रिएटिव्ह इव्होल्यूशन'मध्ये याच यंत्राचं उदाहरण देऊन म्हटलं, की आपली बुद्धीही असंच करते. वाहत्या वास्तवाचे स्थिर तुकडे पाडते आणि मग ते पळवून गती बनवू पाहते. बर्गसाँना हा बुद्धीचा दोष वाटत होता. बौद्ध क्षणिकवाद याच्या जवळपास येऊन उलट दिशेने जातो. त्याच्या मते प्रत्येक क्षणी वस्तू नवी उत्पन्न होते आणि तीच वस्तू टिकून आहे हा आपला भास असतो.

हा सगळा वाद क्रिस मार्कर या फ्रेंच दिग्दर्शकाने १९६२ साली २८ मिनिटांच्या 'ला जेते'मध्ये एका निर्णयाने जिवंत केला. फिल्म जवळजवळ पूर्णपणे स्थिर फोटोंची आहे. लहानपणी विमानतळावर पाहिलेल्या एका चेहऱ्याची आठवण मनात धरून बसलेल्या माणसाची ती गोष्ट आहे. फिल्मभर एकदाच, एक झोपलेली स्त्री डोळे उघडते आणि पापण्या लवतात. तेवढंच चित्र हलतं. ते दृश्य पाहताना अंगावर काटा येतो, कारण तोपर्यंत आपण गतीशिवाय जगायला शिकलेलो असतो.

आपल्याकडे असं काम झालं आहे का, की हे सगळं परदेशातलंच आहे?

झालं आहे, आणि त्यातलं बरंचसं मुंबईत, सरकारी पैशातून झालं आहे. ही गोष्ट पुरेशी सांगितली जात नाही म्हणून इथे सविस्तर लिहितो.

१९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजन या सरकारी संस्थेचं काम मुख्यतः वृत्तचित्रं आणि माहितीपट काढण्याचं होतं. थिएटरमध्ये सिनेमा सुरू होण्याआधी धरणं, लसीकरण, कुटुंबनियोजन दाखवणाऱ्या त्या फिल्म आपल्या आधीच्या पिढ्यांनी पाहिल्या आहेत. साठच्या दशकात जाँ भावनगरी तिथे सल्लागार म्हणून आले. त्यांच्या पाठबळाने चित्रकारांना आणि संस्थेतल्याच तरुण दिग्दर्शकांना मोकळीक मिळाली.

पंढरपूरला जन्मलेल्या एम. एफ. हुसेन यांनी 'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर' (१९६७) राजस्थानात केली. छत्री, कंदील, जोडा, जनावरं, भिंती, माणसं अशी चित्रं एकमेकांशेजारी येतात. त्यांचा संबंध लावून देणारं निवेदन नाही. बर्लिनच्या महोत्सवात तिला लघुपटांचं सुवर्ण अस्वल मिळालं. वस्तूंना अर्थ कोण देतं, त्या स्वतः की त्यांना शेजारी ठेवणारा, असा मला त्या फिल्मचा प्रश्न वाटतो.

एस. एन. एस. शास्त्री यांच्या 'अँड आय मेक शॉर्ट फिल्म्स' (१९६८) मध्ये शॉर्टफिल्म म्हणजे काय, ती कोणासाठी, याचीच चर्चा फिल्मच्या पोटात शिरलेली आहे.

प्रमोद पती हे या सगळ्यांत मला सर्वांत धाडसी वाटतात. त्यांनी चेकोस्लोव्हाकियात बाहुल्यांच्या ॲनिमेशनचं शिक्षण घेतलं होतं. 'एक्स्प्लोरर' (१९६८) मध्ये प्रयोगशाळा, पूजा, नाच, चेहरे इतक्या वेगाने आदळतात की एकही प्रतिमा मनात पुरी होत नाही. परंपरा आणि विज्ञान यांवरचं भाषण त्यात नाही. त्या दोन्हींच्या मधोमध सापडलेल्या तरुण डोक्याची अवस्था आहे. 'ट्रिप' (१९७०) मध्ये मुंबईचं रोजचं जगणं पिक्सिलेशनने, म्हणजे जिवंत माणसांना फ्रेमगणिक हलवून, दाखवलं आहे. अनित्यता हा शब्द न उच्चारता ती फिल्म अनित्यतेबद्दलची आहे. 'आबिद' (१९७२) मध्ये चित्रकार आबिद सुरती यांनाच ॲनिमेशनमधलं पात्र केलं आहे. चित्र काढणारा आणि काढला जाणारा यांतली रेघ तिथे पुसली जाते. पती १९७५ साली गेले. वय जेमतेम चाळिशीपार.

चित्रकार तैयब मेहता यांची 'कूडल' (१९७०) पाहताना मन घट्ट करावं लागतं. वांद्र्याच्या कत्तलखान्यातली दृश्यं तिच्यात आहेत. चित्रकार अकबर पदमसी यांनी त्याच सुमारास नेहरू फेलोशिपच्या पैशातून मुंबईत कलाकारांसाठी एक कार्यशाळा उभी केली आणि तिथे 'सिझिजी' ही फक्त रेषांच्या गणिती मांडणीवर उभी असलेली मूक ॲनिमेशन फिल्म केली. त्यांची दुसरी फिल्म 'इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर' हरवली. एकच प्रत होती. पुढे २०१६ साली आशिम अहलुवालिया यांनी त्या हरवलेल्या फिल्मवर, वृद्ध पदमसींना सोबत घेऊन, त्याच नावाची नवी फिल्म केली. नलिनी मालानी यांच्या सुरुवातीच्या फिल्मही त्याच कार्यशाळेतल्या.

१९८० साली मणी कौल यांनी फिल्म्स डिव्हिजनसाठी 'अरायव्हल' केली. मुंबईत रोज काय काय येऊन पोचतं ते तिच्यात दिसतं: भाजी, फळं, मेंढ्या आणि मजूर. माणूस आणि माल यांच्याकडे कॅमेरा एकाच नजरेने पाहतो. श्रमाचं वस्तूत रूपांतर होतं हा मार्क्सचा विचार ज्यांनी वाचला आहे त्यांना तो इथे डोळ्यांपुढे घडताना दिसेल. ज्यांनी वाचला नाही त्यांनाही अस्वस्थ व्हायला होईल.

आणि ही परंपरा थांबलेली नाही. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या पायल कपाडिया यांची 'अँड व्हॉट इज द समर सेइंग' (२०१८) महाराष्ट्रातल्या एका जंगलालगतच्या गावात केलेली आहे. गावातल्या बाया आपल्या हरवलेल्या प्रेमाबद्दल कुजबुजतात. त्या दिसत नाहीत, नुसत्या ऐकू येतात. आवाजाला शरीर नसेल तर आठवण कुणाची, हा प्रश्न मराठी बोलीत इतक्या हळुवारपणे विचारलेला मी दुसरीकडे पाहिलेला नाही.

ज्ञानेश्वर, तुकाराम, चोखामेळा यांच्या विचारांवर अशी फिल्म करता येईल का?

नक्की येईल. मात्र ओवी म्हणणारा आवाज आणि वर ड्रोनमधून दिसणारा घाट अशी जोडणी नको. ओवी सुंदर, घाटही सुंदर, पण एकमेकांशेजारी ठेवल्याने त्यांच्यात काहीच घडत नाही.

एक वाट सुचवतो. 'चांगदेव पासष्टी' घ्या. चांगदेवांनी कोरं पत्र पाठवलं आणि ज्ञानेश्वरांनी पासष्ट ओव्यांत उत्तर दिलं, अशी परंपरेने आलेली कथा आहे. त्या ओव्यांचा गाभा द्रष्टा, दृश्य आणि दर्शन ही त्रिपुटी मुळात एकच आहे, असा आहे. त्यासाठी आरशाचा दाखला येतो: मुख आरशात दिसलं म्हणून ते निर्माण झालं नाही, आरसा नसतानाही ते आहेच.

आता आरसा घ्या आणि त्याच्यासमोर कॅमेरा लावा. आरशावर थोडी धूळ राहू द्या. धुळीवर फोकस केला की चेहरा धूसर होतो. चेहऱ्यावर फोकस केला की धूळ नाहीशी होते, कारण लेन्सच्या दृष्टीने प्रतिबिंब काचेवर नसतं. काचेपर्यंतचं अंतर आणि काचेपासून चेहऱ्यापर्यंतचं अंतर यांच्या बेरजेइतकं ते लांब असतं. म्हणजे एकाच चौकटीत एकाच जागी दोन वस्तू आहेत आणि लेन्सला त्यांतली एकच निवडता येते. शिवाय कॅमेरा समोर सरळ धरला तर आरशात कॅमेराच दिसतो: द्रष्टा दृश्य झाला. पण तो दिसतोय तेही त्याच्याच डोळ्यातून. पाच मिनिटांच्या फिल्मला एवढं पुष्कळ आहे. हे करताना ओवी मनात असू द्या, साउंडट्रॅकवर तिची गरज पडेल असं मला वाटत नाही.

चोखोबांच्या अभंगांना हात घालणार असाल तर एक विनंती. तिथला प्रश्न अनुभवातून आलेला आहे: देवळाच्या दाराबाहेर उभं ठेवलेल्या माणसाचा. त्याचं अमूर्त 'आत-बाहेर' करून टाकू नका. जात दिसली पाहिजे.

व्हॉइसओव्हर वापरावा का?

आधी त्याशिवाय फिल्म उभी करा. मग शांतपणे विचारा, की आवाजामुळे काय वाढतं? चित्रात आहे तेच आवाज सांगत असेल तर काढून टाका. आवाज चित्राशी भांडत असेल, पुढे धावत असेल, उशिरा पोचत असेल, कुणाचा आहे हे कळत नसेल, तर तो राहू दे. फ्रॅम्प्टनच्या फिल्ममधून आवाज काढला तर फिल्मच उरत नाही. थोरामोठ्यांची अवतरणं मात्र वापरू नका. नीत्शेचं वाक्य आलं की प्रेक्षक पाहणं थांबवून मान डोलावतो.

नट घ्यावे लागतात का?

बहुतेक वेळा नाही. लेव्ह कुलेशॉव्ह या रशियन दिग्दर्शकाच्या प्रयोगाबद्दल तुम्ही ऐकलं असेल: चेहऱ्याचा तोच शॉट वेगवेगळ्या दृश्यांना जोडला की लोकांना त्या चेहऱ्यावर वेगवेगळ्या भावना दिसतात. दुसऱ्याच्या मनात काय आहे हे आपल्याला कळतं की आपणच ते तिथे ठेवतो, हा प्रश्न घेऊन काम करायचं असेल तर फार अभिनय न करणारा माणूसच हवा. घरातली आजी उत्तम. तिला काही करायला सांगू नका.

सुरुवात कुठून करायची? डोक्यात विचार खूप आहेत, दृश्य सुचत नाही.

प्रश्न एका वाक्यात लिहा आणि त्यातून मोठे शब्द काढून टाका. 'अस्तित्वाची निरर्थकता' यावर कॅमेरा कुठे लावणार? 'काल मी होतो तोच आज मी आहे, हे कशावरून?' यावर लावता येईल.

मग दृश्य शोधण्याआधी क्रिया शोधा. संकलनाच्या टेबलावर आपल्याला काय काय करता येतं? पुन्हा दाखवणं, उशिरा दाखवणं, न दाखवणं, थांबवणं, आवाज आणि चित्र वेगळं करणं, एका हालचालीच्या मधोमध कापणं. यांपैकी कोणती क्रिया तुमच्या प्रश्नासारखी वागते ते पाहा.

वरच्या प्रश्नाचंच उदाहरण घेऊ. एक माणूस चहा गाळतो आहे. हेच वेगवेगळ्या दिवशी, वेगवेगळ्या कपड्यांत, शक्य असेल तर काही महिन्यांच्या अंतराने चित्रित करा, पण कॅमेऱ्याची जागा आणि लेन्स तीच ठेवा. मग हालचालीच्या मधोमध कापा. गाळणीकडे जाणारा हात पावसाळ्यातला, कपात पडणारी धार उन्हाळ्यातली. हालचाल अखंड राहील आणि बाकी सगळं बदललेलं असेल. प्रेक्षक तो माणूस एकच धरून चालेल. मग उलट करून पाहा: एकाच दिवशीचं, त्याच कपड्यातलं चित्रण, पण हालचाल तुटक, क्रम चुकलेला. आता तो माणूस विस्कटल्यासारखा वाटेल. माणसाचं एकपण कशात आहे, शरीरात, कपड्यांत की कृतीच्या सलगपणात, यावर तुम्हाला स्वतःलाच काहीतरी नवं कळेल. तिसऱ्या टप्प्यात मधेच हात दुसऱ्याच माणसाचा लावा. कोणाच्या लक्षात येतं आणि केव्हा, ते बघा.

फिल्म किती मिनिटांची असावी?

प्रश्न एकदा पुरता जाणवेपर्यंत. बहुतेक पहिल्या फिल्म पाच ते आठ मिनिटांत नीट बसतात. पण ताणाचा अनुभव द्यायचा असेल, जसं थांबणं, कंटाळा, वाट पाहणं, तर कापण्याची घाई करू नका. तिथे लांबी हाच आशय असतो.

फोनवर करता येईल का?

येईल. एक्सपोजर आणि फोकस लॉक करा, नाहीतर फोन तुमच्या वतीने निर्णय घेत राहतो आणि स्थिर शॉटमध्ये उजेड आपोआप वरखाली होतो. आपल्याकडची वीज ५० हर्ट्‌झची आहे, त्यामुळे ट्यूबलाइटखाली चित्र लपलपतं. २५ फ्रेम आणि शटर १/५० किंवा १/१०० ठेवलं तर ते थांबतं. ट्रायपॉड घ्याच. आवाज वेगळा रेकॉर्ड करा. खराब चित्र लोक सहन करतात, खराब आवाज करत नाहीत.

खरं तर कॅमेराही अनिवार्य नाही. स्टॅन ब्रॅखेज यांनी 'मॉथलाइट' (१९६३) ही फिल्म पतंगांचे पंख, पाकळ्या आणि गवत पारदर्शक टेपच्या दोन पट्ट्यांत चिकटवून केली.

लोकांना फिल्म कळली नाही तर?

'कळली नाही' या तक्रारीचे दोन प्रकार आहेत आणि त्यांची गल्लत करू नये. फिल्म तीन-चार जणांना दाखवा. 'आवडली का?' असं विचारू नका. 'काय काय दिसलं ते क्रमाने सांगा' एवढंच म्हणा. त्यांना दिसलेलं नीट सांगता आलं, पण त्याचा अर्थ काय यावर त्यांचं आपसात जमलं नाही, तर फिल्म ठीक आहे. दिसलेलंच सांगता आलं नाही, तर दोष मांडणीत आहे आणि तो दुरुस्त करायला हवा. प्रेक्षक मंद आहे असं समजून कधीही सुटका करून घेऊ नका. अवघड प्रश्न विचारणाऱ्याने तो स्पष्ट विचारला पाहिजे.

प्रायोगिक फिल्म आहे म्हणून रस्त्यावरच्या कोणाचाही चेहरा घेतला तर चालतो का?

नाही. विचार कितीही उंच असला तरी समोरच्या माणसाला तुमच्या फिल्ममध्ये यायचं आहे की नाही हे विचारावंच लागतं. झोपलेली, आजारी, शोकात असलेली माणसं परवानगी देऊ शकत नाहीत. त्यांचे शॉट घेऊ नका.

संतवाङ्‌मय किंवा जुनी गाणी वापरायला परवानगी लागते का?

भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षांपर्यंत स्वामित्वहक्क असतो. त्यामुळे ज्ञानेश्वर-तुकारामांचे शब्द मोकळे आहेत. पण त्यांना दिलेली आधुनिक चाल, गायलेलं ध्वनिमुद्रण, आजच्या अभ्यासकाने केलेला गद्य अनुवाद किंवा टीपा यांचे हक्क स्वतंत्र असतात. सोपा मार्ग म्हणजे ओळखीच्या कुणाकडून स्वतःच म्हणवून घ्या. शिकलेला गळा नसला तर उलट बरं.

अशा फिल्म पाहायच्या कुठे आणि आपली दाखवायची कुठे?

फिल्म्स डिव्हिजनच्या वर उल्लेखलेल्या फिल्मपैकी काही यूट्यूबवर सापडतात. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. मुंबईत प्रभात चित्र मंडळ आणि पुण्यात आशय यांसारख्या फिल्म सोसायट्या आहेत. सभासद व्हा आणि चर्चेला थांबा.

दाखवण्यासाठी मुंबईचा मिफ्फ, म्हणजे माहितीपट, लघुपट आणि ॲनिमेशनचा महोत्सव, १९९० पासून होत आला आहे. केरळमध्ये माहितीपट आणि लघुपटांचा स्वतंत्र महोत्सव आहे. २००३ पासून भारतात खास प्रायोगिक सिनेमासाठी एक्स्पेरिमेंटा उभा आहे. जर्मनीतलं ओबरहाउझेन १९५४ पासून फक्त शॉर्टफिल्म दाखवत आलं आहे. काही महोत्सव आधी इंटरनेटवर आलेली फिल्म घेत नाहीत, म्हणून प्रवेशिका पाठवेपर्यंत यूट्यूबवर टाकू नका. पासवर्ड असलेली लिंक पुरते.

बाहेर पाठवणार असाल तर सबटायटलचा विचार लिहितानाच करा. मराठीत एका दमात म्हटलेलं वाक्य इंग्रजीत दोन ओळी खातं आणि तेवढा वेळ प्रेक्षकाचा डोळा चित्राच्या तळाशी अडकतो. ज्या शॉटमध्ये डोळ्यांना मोकळं फिरू द्यायचं आहे, तिथे माणसाला बोलायला लावू नका.